इंजिन कुणाचं? जपानच्या लढाऊ विमानांमागे एक भटकंती

दाजींची सगळी नोकरी नाशिकजवळ ओझरला, विमानं बनवणाऱ्या सरकारी एचएएलमध्ये गेली. आधी मिग-२१, मग सुखोई-३०, दोन्हींच्या जुळणीत. आता निवृत्त आहेत, पण विमान दिसलं की हात आपोआप पत्र्याकडे जातो. नोव्हेंबरात ते आणि ताई आमच्याकडे तोक्योला, निशी-कासाईला आले. ताईला क्योतोची लाल झालेली मेपलची झाडं बघायची होती, ती माझ्या बायकोबरोबर तिकडे गेली. दाजी म्हणाले, "झाडं नाशकातही आहेत. मला ह्या लोकांनी महायुद्धातल्या झीरो विमानापासून आजवर काय काय उडवलंय ते बघायचंय." मग नकाशा काढून बसलो आणि तोक्यो ते गिफू असा बेत ठरवला.

पहिला दिवस : तोक्यो, कुदानशिता

निशी-कासाईहून तोझाई लाइन पकडली की गाडी न बदलता कुदानशिता येतं. तिथून चढ चढून यासुकुनी मंदिर आणि त्याच्या आवारातलं युशूकान संग्रहालय. जागा वादाची आहे. युद्धगुन्हेगार ठरलेल्या १४ नेत्यांचा समावेश १९७८ मध्ये इथल्या पूज्य मृतांत केला गेला, आणि आतली मांडणी चीनमधल्या अत्याचारांपाशी आली की पाऊल उचलून पुढे जाते. हे मनात ठेवूनच आत शिरावं. दाराजवळ न्यायमूर्ती राधाबिनोद पाल यांचं स्मारक आहे. युद्धगुन्ह्यांच्या तोक्यो खटल्यात सर्व आरोपींना निर्दोष ठरवणारं भिन्न मत देणारे हे कोलकात्याचे न्यायाधीश. शाळेच्या पुस्तकात आम्हाला ते कधी भेटले नव्हते, इथे मात्र फोटो काढायला रांग होती.

झीरो समोरच्या दालनातच उभं आहे, तिकीट न काढताही बघता येतं. हे ५२ क्रमांकाचं मॉडेल, म्हणजे युद्धाच्या उत्तरार्धातलं. दाजी पंखाखाली वाकले आणि बराच वेळ तसेच राहिले. मी जवळ गेलो तर म्हणाले, "रिव्हेट बघ. एकही डोकं वर नाही." खरंच, पत्र्याच्या पातळीत बसवलेल्या रिव्हेटच्या बारीक गोल खुणा तेवढ्या दिसत होत्या, ओळीने, शेपटीपर्यंत. हवेचा अडथळा कमी व्हावा म्हणून हा सगळा खटाटोप, आणि तोही त्या काळात हाताने.

नौदलाने १९३७ मध्ये जी मागणी पुढे केली ती वाचूनच कंपन्या दचकल्या होत्या. वेग हवा, वळण हवं, पल्लाही प्रचंड हवा, आणि हे सगळं विमानवाहू जहाजावरून. नाकाजिमा कंपनीने अंग काढून घेतलं. मित्सुबिशीचे अभियंते जिरो होरिकोशी यांनी जमवलं ते वजन कापून. सुमितोमो कंपनीने नव्यानेच काढलेला जस्तमिश्रित ॲल्युमिनियम पंखाच्या मुख्य तुळईला वापरला, आतल्या भागांना जिथे शक्य तिथे भोकं पाडली, पंख आणि धडाचा मधला भाग एकसंध केला. वैमानिकामागे चिलखत नाही, गोळी लागल्यावर आपोआप बुजणाऱ्या टाक्या नाहीत.

"इंजिन कुणाचं?" दाजींनी विचारलं. हा प्रश्न पुढे रोज ऐकायचा होता.

गंमत म्हणजे इंजिन अंग काढून घेणाऱ्या नाकाजिमाचंच. पहिल्या नमुन्यांत मित्सुबिशीचं ७८० अश्वशक्तीचं झुइसेई होतं, मग नाकाजिमाचं ९४० अश्वशक्तीचं साकाए आलं. समोरच्या ५२ मध्ये साकाएचीच वाढवलेली आवृत्ती, १,१३० अश्वशक्तीची. तोवर अमेरिकेचं हेलकॅट २,००० अश्वशक्ती घेऊन समोर आलं होतं. "म्हणजे वजन हौसेने नाही कापलं," दाजी म्हणाले, "इंजिन नव्हतं म्हणून कापलं." मला हे वाक्य तेव्हा जरा घाईचं वाटलं. आठवडा संपेपर्यंत वाटेनासं झालं.

दुसरा दिवस : नागोया, ओए

शिनकानसेनमध्ये, म्हणजे बुलेट ट्रेनमध्ये, दाजींना खिडकीची जागा दिली. फुजी दिसला, पण त्यांचं लक्ष गाडी थरथरत कशी नाही याकडे होतं. त्यालाही विमानाचंच उत्तर आहे. १९४० आणि ४१ मध्ये झीरोची दोन विमानं सूर मारताना हवेतच फुटली, त्या कंपनाचा शोध नौदलाच्या तादाशी मात्सुदाइरांनी लावला होता. १९४५ मध्ये दोस्त राष्ट्रांनी जपानला विमान बनवायलाच काय, त्यावर संशोधन करायलाही बंदी घातली, ती १९५२ पर्यंत राहिली. मात्सुदाइरा रेल्वेत गेले आणि शिनकानसेनच्या चाकांखालची कंपनं त्यांनीच आटोक्यात आणली. पहिल्या शिनकानसेनचं गोल नाक आखणारे तादानाओ मिकी हेही नौदलाचे विमान-अभियंते, 'ओका' या आत्मघाती रॉकेट-बॉम्बच्या आराखड्यावर काम केलेले. नाकाजिमाच्या एका कारखान्यात तर स्कूटर बनू लागल्या. सात वर्षं विमानं नाहीत म्हणजे काय, ते असं.

नागोयाहून मेइतेत्सुच्या गाडीने ओए. बंदराजवळचा कारखान्यांचा रुक्ष भाग. मित्सुबिशीच्या आवारात १९३७ साली बांधलेली, घड्याळाचा मनोरा असलेली इमारत आहे, होरिकोशी आणि मंडळी इथेच बसत. आता तिथे कंपनीने विमान-इतिहासाचं दालन केलंय. आधी नोंदणी करून गेलो होतो.

आत दोनच विमानं, पण त्यांच्याभोवती अर्धा दिवस जातो. एक झीरो. आणि दुसरं पिवळट-नारिंगी, बिनशेपटीचं, गुबगुबीत असं काहीतरी, ते शूसुइ. जर्मनीच्या मेसरश्मिट १६३ वरून केलेलं रॉकेट विमान. अमेरिकेची बी-२९ बॉम्बफेकी विमानं दहा हजार मीटरवरून यायची, तिथवर जपानी इंजिनांचा दम टिकायचा नाही. शूसुइ तिथे साडेतीन मिनिटांत पोचेल असा हिशेब होता.

त्याची कागदपत्रं जर्मनीहून आय-२९ पाणबुडीतून निघाली. सिंगापूरला नौदलाचे एइइची इवाया थोडे कागद घेऊन उतरले आणि विमानाने तोक्योला आले. उरलेलं सगळं सामान घेऊन पाणबुडी पुढे निघाली आणि जुलै १९४४ मध्ये लुझोनच्या सामुद्रधुनीत अमेरिकन पाणबुडीने तिला बुडवलं. म्हणजे हातात आले ते मोजके कागद, बाकी अंदाज. ७ जुलै १९४५ ला योकोसुकाजवळ ओप्पामा इथे पहिलं उड्डाण झालं. विमान झपकन वर चढलं आणि काही शे मीटरवर इंजिन बंद पडलं. चाचणी म्हणून टाक्या पूर्ण भरल्या नव्हत्या. नाक इतकं उभं झालं की इंधन मागे सरकलं आणि नळीच्या तोंडाशी काही उरलं नाही. वैमानिक इनुझुकांनी परत वळायचा प्रयत्न केला, उतरताना अपघात झाला आणि ते दुसऱ्या दिवशी गेले. इथलं विमान १९६०च्या दशकात जमिनीखालून निघालेल्या अवशेषांवरून उभं केलंय.

दाजी हे सगळं ऐकून एवढंच म्हणाले, "नळीचं तोंड कुठे ठेवायचं हे जर्मनांच्या ड्रॉइंगमध्ये असणार. ते ड्रॉइंग समुद्रात गेलं असणार." मी वाद घातला नाही. चाळीस वर्षं दुसऱ्याच्या ड्रॉइंगवर काम केलेल्या माणसाला त्यातली एक रेघ हरवली तर काय होतं हे माझ्यापेक्षा जास्त कळतं.

दालनातली मला सगळ्यात भावलेली गोष्ट मात्र बैलगाडीची. ओएच्या कारखान्याजवळ योग्य धावपट्टी नव्हती. झीरोचा पहिला नमुना मार्च १९३९ मध्ये सुटा करून बैलगाड्यांवर चढवला आणि ४८ किलोमीटरवरच्या काकामिगाहाराला नेला. ट्रकने नेला असता तर खाचखळग्यांनी विमानाला चिरा गेल्या असत्या. आपल्या इस्रोने १९८१ मध्ये ॲपल उपग्रह बैलगाडीवर ठेवला होता त्याचा फोटो सगळ्यांनी पाहिलाय. तिथे कारण वेगळं होतं, ॲन्टेनाच्या चाचणीला आजूबाजूला धातू नको होता. पण इथे जगातल्या सर्वांत चपळ लढाऊ विमानाला पक्का रस्ता नव्हता, आणि युद्ध सुरू झाल्यावरही बराच काळ नवी विमानं अशीच जात राहिली. बैल थकले की उत्पादन थकलं.

इमारतीबाहेर पडल्यावर दाजींनी मनोऱ्यावरच्या घड्याळात वेळ बघितली आणि आपल्या घड्याळाशी ताडून पाहिली. जुळली. संध्याकाळी शाकाहारी काही मिळेना. नागोयाला मिसो-कात्सु आणि मासळीच्या रश्शातल्या किशिमेन शेवया, दोन्ही दाजींना चालणाऱ्या नव्हत्या. हॉटेलच्या खोलीत भात आणि ताईने बांधून दिलेलं मेतकूट.

तिसरा दिवस : काकामिगाहारा

आज बैलगाडीचा रस्ता मेइतेत्सुने. गिफूच्या आधी काकामिगाहारा लागतं. इथली धावपट्टी १९१७ पासून आहे, आज वापरात असलेली जपानमधली सर्वांत जुनी. १ एप्रिल १९३९ ला झीरोने पहिली झेप इथूनच घेतली. एका अंगाला कावासाकीचा कारखाना, दुसऱ्या अंगाला हवाई दलाचा गिफू तळ, जिथे नव्या विमानांच्या चाचण्या होतात. मिकाकिनो स्टेशनवर गाडी थांबली तेव्हा डोक्यावरून काहीतरी गेलं आणि डब्यातली एक शाळकरी मुलगीसुद्धा मान वर करून बघायला लागली नाही. ओझरची पोरंही अशीच, दाजी म्हणाले.

इथल्या अवकाश-विमान संग्रहालयासाठी अख्खा दिवस ठेवला होता आणि तो पुरला नाही. २०१८ मध्ये वाढवून पुन्हा उघडलेलं प्रचंड दालन आहे. दारापाशी झीरोच्या पहिल्या नमुन्याची प्रतिकृती, पण ती ओलांडून दाजी थेट हिएनपाशी गेले.

हिएन हे लष्कराचं लढाऊ विमान, कावासाकीच्या ताकेओ दोइंनी आखलेलं. जपानमध्ये खरं आणि पूर्ण असं हे एकच उरलंय. कितीतरी वर्षं ते कागोशिमाच्या चिरानला होतं, मग कावासाकीने कोबेला स्वच्छ केलं. स्वच्छ म्हणजे रंग काढून टाकला आणि नवा चढवलाच नाही. त्यामुळे नुसता ॲल्युमिनियमचा पत्रा दिसतो, प्रत्येक जोड, प्रत्येक डाग, कुठे ठोकून सरळ केलेला पोचा. रंगवलेल्या विमानापुढे आपण चित्र बघतो, इथे हातांचं काम दिसतं. दाजींनी कठड्यावरून वाकून धडाचा सांधा दाखवला. "हा पत्रा दोनदा बसवलाय. पहिली भोकं चुकली होती." मला काही दिसलं नाही. त्यांना दिसलं.

हिएनचं नाक टोकदार. त्या काळच्या बहुतेक जपानी विमानांचं नाक गोल असे, कारण इंजिन हवेने थंड होणारं, सिलिंडर गोलाकार मांडलेले. हिएनचं इंजिन पाण्याने थंड होणारं, बारा सिलिंडर उलट्या व्हीत. डाइम्लर-बेंझ ६०१ या जर्मन इंजिनाची परवान्यावर बनवलेली आवृत्ती. आणि या परवान्याची कथा ऐकून दाजी तिथल्या बाकावर बसलेच. लष्कराने कावासाकीसाठी परवाना घेतला, नौदलाने आइचीसाठी वेगळा घेतला. एकाच देशाच्या दोन सेनादलांनी एकाच इंजिनाचे पैसे जर्मनांना दोनदा मोजले आणि दोन कारखान्यांत वेगवेगळे प्रयोग करत बसले. लष्कर आणि नौदल यांचं वैर इतकं होतं की बंदुकांच्या गोळ्याही एकमेकांना चालत नसत.

परवाना मिळाला तरी धातू मिळत नव्हता. मूळ क्रँकशाफ्टच्या पोलादात निकेल, ते जपानकडे नव्हतं, म्हणून वगळलं. बेअरिंगचे रोलर जर्मनांइतके नेमके घासले जाईनात. युद्धभूमीवर हिएन न्यू गिनीत पोचलं तेव्हा इंजिनं गळत, तापत, मोडत होती. दाजी बोटांवर मोजायला लागले. रशियन ड्रॉइंग, आपलं पोलाद, आपलं तापमान, आपली धूळ. त्यांच्या मिगचं धड ओझरला व्हायचं आणि इंजिन ओडिशातल्या कोरापुटहून यायचं. "धड कोणीही करेल रे. म्हणजे कोणीही नाही, पण जमतं. कोरापुटची मंडळी काय सोसत होती ते आम्हाला माहीत आहे."

हिएनचा पुढचा अध्याय म्हणजे या सगळ्या प्रवासाचं सार आहे असं मला वाटतं. नव्या, ताकदवान इंजिनाचं उत्पादन रखडलं. १९४४ च्या शेवटी कावासाकीच्या कारखान्यात पावणेतीनशेच्या आसपास विमानं उभी होती, सगळं तयार, फक्त इंजिन नाही. शेवटी दोइंनी मित्सुबिशीचं १,५०० अश्वशक्तीचं गोल इंजिन त्या सडपातळ धडाला लावायचं ठरवलं. रुंदीत मोठा फरक. जर्मनीहून आणलेल्या फोक-वुल्फ १९० मध्ये गोल इंजिन अरुंद धडाला कसं बसवलंय याचा अभ्यास केला आणि १ फेब्रुवारी १९४५ ला ते उडालं. वजन घटलं, वळण सुधारलं, आणि मुख्य म्हणजे रोज सकाळी इंजिन सुरू होऊ लागलं. हे की-१०० अनेक वैमानिकांना हिएनपेक्षा आवडलं. अपघाताने सापडलेलं चांगलं विमान. त्यातलं एकच उरलंय, तेही ब्रिटनच्या रॉयल एअर फोर्स म्युझियममध्ये.

नाकाजिमाचं हायाते हे कागदावर लष्कराचं सर्वोत्तम विमान, साडेतीन हजारांच्या आसपास बनलं. त्याच्या होमारे इंजिनाने १८ सिलिंडरांत जवळपास २,००० अश्वशक्ती देणं अपेक्षित होतं. प्रत्यक्षात हलक्या प्रतीचं पेट्रोल, कमअस्सल तेल आणि कारागिरांच्या जागी बसवलेली शाळकरी मुलं यांनी त्याची रया गेली. वाचलेलं एकुलतं एक हायाते चिरानला आहे. आमचा बेत तिथवर गेला नाही, दाजी अजून त्यावरून मला टोचतात.

जेटच्या बाजूला वळलो तेव्हा दुपार कलली होती. एफ-१०४, आणि तिच्याशेजारी फॅन्टम. फॅन्टमबद्दल एक गोष्ट सांगायलाच हवी. अमेरिकेने ते बनवणं थांबवल्यावरही मित्सुबिशीत ते बनत होतं. जगातलं सर्वांत शेवटचं फॅन्टम मे १९८१ मध्ये जपानमध्येच तयार झालं. आणि जपानी हवाई दलाने ते २०२१ पर्यंत उडवलं. सप्टेंबर २०२५ मध्ये चंदीगडला मिग-२१ चा निरोप समारंभ टीव्हीवर बघताना दाजी उठून आत गेले होते, असं ताईने सांगितलं होतं. फॅन्टमपुढे मी तो विषय काढला नाही.

इथेच आसुका नावाचं चार इंजिनांचं पांढरं विमान आहे. लढाऊ नाही, आखूड धावपट्टीवरून उडायच्या प्रयोगासाठी सरकारी संशोधन संस्थेने केलेलं, १९८५ चं. ज्याला इंजिनांची गोडी नाही तो पुढे निघून जाईल. पण त्याची एफजेआर-७१० इंजिनं जपानने स्वतः आखलेली. त्यांच्या जोरावर जपानला व्ही-२५०० या आंतरराष्ट्रीय इंजिनाच्या भागीदारीत जागा मिळाली. इंडिगोच्या सुरुवातीच्या एअरबस ए-३२० विमानांना हीच इंजिनं होती. म्हणजे मुंबई-नागपूर करताना आपण अनेकदा त्या पांढऱ्या विमानाच्या पुण्याईवर उडालो असू.

चौथा दिवस : कोमाकी

दिवसभर पाऊस. नागोयाच्या जुन्या विमानतळावरचं आइची विमान संग्रहालय बघितलं. शंभर नामांकित विमानांची १/२५ मापातली मॉडेल्स तिथे ओळीने मांडली आहेत, दाजी त्यांतच रमले. गच्चीवरून धावपट्टी दिसते, त्या दिवशी फक्त हवाई दलाची हर्क्युलस मालवाहू विमानं दिसली.

खरं महत्त्व समोरच्या बंद शेड्सना. १९५२ मध्ये बंदी उठली, १ जुलै १९५४ ला हवाई दल स्थापन झालं, आणि तेव्हापासून जपानची लढाऊ विमानं मित्सुबिशीच्या या परिसरात जुळत आली. ३०० एफ-८६एफ, मग एफ-१०४, फॅन्टम, एफ-१५, आणि आता एफ-३५ ची अंतिम जुळणीही इथेच. या सगळ्यांचं मूळ ड्रॉइंग अमेरिकेचं. "ओझरच आहे हे," दाजी म्हणाले, आणि मग दुरुस्ती केली, "ओझरपेक्षा स्वच्छ."

२२ एप्रिल २०१६ ला याच धावपट्टीवरून एक्स-२ उडालं आणि गिफूला उतरलं. रडारला न दिसणाऱ्या विमानाचा जपानी प्रयोग, लहानखुरं, दोन इंजिनं, प्रत्येकी पाच टन रेट्याची आणि स्वतःची. त्याच्यापासून लढाऊ विमान होईल असं कुणाला वाटलं असेल तर चूक, त्यासाठी ते फारच लहान होतं. शिकायला केलेलं विमान होतं.

पाचवा दिवस : हामामात्सु

सुझुकीचं गाव, तेव्हा स्टेशनवर उतरताच दाजींनी मारुतीचा विषय काढला. हवाई दलाचं एअर पार्क तळाला लागूनच आहे, आणि फुकट. शाळेच्या सहली आलेल्या, पोरं वैमानिकाचा पोशाख घालून फोटो काढत होती. वर टांगलेलं झीरो गुआमहून आणलेलं. खाली हवाई कसरतींच्या ब्लू इम्पल्स पथकाचं एफ-८६. १९६४ च्या तोक्यो ऑलिम्पिकच्या उद्घाटनाला आकाशात पाच वर्तुळं काढणारे हेच.

मी ते बघत होतो तेवढ्यात दाजींची हाक आली, जरा मोठ्यानेच. "अरे, हे जग्वार इथे कसं?"

ते जग्वार नव्हतं, एफ-१ होतं. पण गफलत साहजिक. उंच बसवलेले पंख, बाजूची हवा घेणारी चौकोनी तोंडं, लांब नाक, सगळं आपल्या अंबाल्याच्या जग्वारसारखं. युद्धानंतर जपानने स्वतः आखलेलं पहिलं लढाऊ विमान, टी-२ प्रशिक्षण विमानावरून केलेलं, ७७ बनली, २००६ मध्ये शेवटचं निवृत्त झालं. "इंजिन कुणाचं?" फलक वाचून मीच सांगितलं, रोल्स-रॉइस टर्बोमेका अडूर, परवान्यावर. दाजींनी टाळी वाजवली. जग्वारचंही तेच, बंगळुरूत एचएएलने बनवलेलं. तक्रारही दोन्हीकडे एकच, बॉम्ब लावून गरम दिवशी उडायचं तर ताकद कमी पडते. दूरच्या इंग्लंड-फ्रान्सने केलेल्या इंजिनाला दोन देशांचे वैमानिक वेगवेगळ्या भाषांत एकाच कारणाने शिव्या देत होते.

एफ-१ च्या जागी जे आलं त्याची पूर्ण आकाराची प्रतिकृतीही इथे आहे, एफ-२. जपानला १९८०च्या दशकात हे विमान स्वतः करायचं होतं. व्यापारी तुटीवरून चिडलेल्या अमेरिकेने दबाव आणला आणि १९८७ मध्ये ठरलं की एफ-१६ वरून करायचं. मग तिकडच्या संसदेत उलटी ओरड झाली की आपलं तंत्रज्ञान जपानला फुकट जातंय, आणि उड्डाण नियंत्रणाच्या संगणकाची मूळ आज्ञावली द्यायला नकार आला. जपानी अभियंत्यांनी ती स्वतः लिहिली. त्यांना ते जमलं, कारण टी-२ चं एक विमान घेऊन त्यांनी गिफूला नेमका हाच अभ्यास आधी केला होता. ते विमान आम्ही परवा काकामिगाहाराला बघितलं होतं, नाकाशी जादा पंख लावलेलं, आणि दाजींनी तेव्हा त्याला शोभेचं म्हटलं होतं.

एफ-२ चे पंख एफ-१६ पेक्षा पाव हिश्श्याने मोठे, कार्बन तंतूंचे, खालचा पत्रा आणि आतल्या फासळ्या एकत्रच भट्टीत शिजवलेल्या. नाकात इलेक्ट्रॉनिक पद्धतीने झोत वळवणारं रडार, सेवेत असलेल्या लढाऊ विमानांत तसं पहिलंच. ७ ऑक्टोबर १९९५ ला ते उडालं. पंखांत सुरुवातीला तडे गेले, खर्च फुगला, आणि शेवटी ९४ वरच थांबवावं लागलं. २०११ च्या त्सुनामीत मात्सुशिमा तळावरची १८ एफ-२ पाण्यात बुडाली, त्यांतली १३ दुरुस्त करून पुन्हा उडवली. मला विचाराल तर एफ-२ महागडं होतं पण वाया गेलं नाही, त्याने एक पिढी हातची जाऊ दिली नाही. दाजींचं मत कडक. इंजिन जनरल इलेक्ट्रिकचं एफ-११०, म्हणजे विमान निम्मंच स्वतःचं. "तेजसला काय आहे?" मी विचारलं. "जनरल इलेक्ट्रिक," ते म्हणाले, आणि पुढचा अर्धा तास भारताच्या स्वतःच्या कावेरी इंजिनाचं काय चुकलं यावर गेला. त्या दिवशी त्यांना इथल्या शाकाहारी ग्योझाही मिळाल्या, त्यामुळे सूर जरा नरम होता.

सहावा दिवस : आकिशिमा

परत तोक्यो, पण घरी न जाता पश्चिमेच्या उपनगरात, आकिशिमाला. आयएचआय म्हणजे जुनी इशिकावाजिमा, जपानची इंजिनवाली कंपनी. त्यांच्या संग्रहालयात नोंदणी करून गेलो होतो.

नेइ-२० हे जपानचं उडालेलं पहिलं जेट इंजिन. उंचीने कमरेपर्यंत, लांबी माणसाहून जास्त, रंग काळपट. शूसुइच्या गोष्टीतले इवाया आठवतात? त्यांच्याच पिशवीत बीएमडब्ल्यूच्या जेट इंजिनाचा एक छोटा केलेला छेद-आराखडा होता. तेवढा एक कागद. तोकियासु तानेगाशिमा आणि ओसामु नागानो यांच्या गटाने त्यावरून काही महिन्यांत आठ टप्प्यांचा कॉम्प्रेसर, गोल ज्वलनकक्ष आणि एका टप्प्याचं टर्बाइन उभं केलं. रेटा ४७५ किलोच्या आसपास. निकेल-कोबाल्ट नव्हतंच, म्हणून टर्बाइनला मँगनीज-क्रोमचं पोलाद. पात्यांना तडे जायचे, मुळाशी जाडी वाढवायची, पुन्हा तडे.

दाजी पात्यांजवळ वाकले. पाती जोडलेली आहेत की बसवलेली, हे त्यांना बघायचं होतं. संग्रहालयातल्या वयस्कर गृहस्थांना मी मोडक्या जपानीत विचारलं. ते आत जाऊन चष्मा घेऊन आले आणि दोघं खुणांनीच बोलायला लागले. एक बोट मुळाशी, एक बोट तड्याच्या जागी. मला मध्ये काही काम उरलं नाही.

अशी दोन इंजिनं लावलेलं नाकाजिमाचं किक्का ७ ऑगस्ट १९४५ ला किसाराझुहून उडालं, हिरोशिमावर बॉम्ब पडल्याच्या दुसऱ्या दिवशी. ११ तारखेला दुसरा प्रयत्न धावपट्टीवरच फसला आणि चार दिवसांत युद्ध संपलं. समोरचं इंजिन अमेरिकेत नेलं गेलं, एका तंत्रशिक्षण संस्थेत राहिलं आणि १९७०च्या दशकात परत आलं.

पुढच्या दालनात युद्धानंतरची इंजिनं. इथल्या मंडळींनी २०१८ मध्ये एक्सएफ-९ हे प्रायोगिक इंजिन संरक्षण खात्याला दिलं, जादा इंधन जाळणारा आफ्टरबर्नर लावून १५ टन रेट्याचं, टर्बाइनच्या तोंडाशी १,८०० अंश तापमान सोसणारं. डिसेंबर २०२२ मध्ये जपान, ब्रिटन आणि इटली यांनी २०३५ साठी एकत्र लढाऊ विमान करायचं जाहीर केलं, त्याच्या इंजिनात रोल्स-रॉइस आणि आव्हिओबरोबर आयएचआय आहे. अमेरिकेचं ड्रॉइंग न घेता जपान प्रथमच एवढं मोठं लढाऊ विमान करतोय, आणि टेबलावर इंजिन घेऊन बसलाय.

"आता विचारा, इंजिन कुणाचं," मी म्हणालो.

"तिघांचं म्हणजे भांडण तिघांचं," दाजी म्हणाले. "उडालं की सांग."

कुणाला जायचं असेल तर ओए आणि आकिशिमा दोन्हीकडे वार-वेळ आधी बघून नोंदणी करा, आयत्या वेळी गेलात तर दारातून परत यावं लागेल. काकामिगाहाराला सकाळीच पोचा. हामामात्सुला लहान मुलं घेऊन गेलात तरी चालेल. आणि सोबत मेतकूट असू द्या.